आजीचा शिक्का

हिरोसाकी, ९ सप्टेंबर

ती. शिझुएआत्यास,
ताइचीचा सा. न. वि. वि.

आधी हातातला चहा खाली ठेव. मी आजीचा सहीच्या जागी मारायचा शिक्का चोरला.

त्या दिवशी तू तणतणत आलीस. फाशीच्या कोठडीतल्या तुझ्या अशिलाला, नेमोतोला, दत्तक घेणारी बाई ऐन वेळी फिरली होती. त्यानं तर दत्तकाच्या फॉर्मवर सहीसुद्धा केलेली. घरचं माणूस असल्याशिवाय त्याला धड पत्रही येत नाही, म्हणून तू आजीलाच गळ घातलीस. आजी म्हणाली, साठीचा कैदी पोरगा नको गं बाई, घरात हा ताइची आहे तेवढा पुरे. तू फॉर्म आपटून गेलीस.

मग काय! चहाच्या डब्यातून शिक्का काढला, फॉर्मवर आजीचं नाव लिहून उमटवला, दोन दोस्त साक्षीदार केले आणि फॉर्म नगरपालिकेत दिला. कारकून म्हणाला, अभिनंदन. खात्रीसाठी आजीच्या नावानं पत्र आलं, ते मी पोस्टमनच्या हातूनच लांबवलं. नेमोतो आता तुझा थोरला भाऊ!

राग कर, पण लोभ सोडू नको.
ताइची

सेंदाई, १४ सप्टेंबर

चि. ताइचीस, अ. उ. आ.

गाढवा, आशीर्वाद रीत म्हणून लिहिला. जवळ असतास तर कान उपटला असता.

अठरा वर्षं मी कोर्टात घसा फोडतेय, की नेमोतोचा कबुलीजबाब पोलिसांनीच लिहिला आणि त्याचा हात धरून अंगठा उठवला. त्या खोट्या ठशावर माणूस लटकवायचा! आणि तू माझ्याच घरात तेच केलंस? सरकारी वकिलाला कळलं, तर खटला पुन्हा चालवायचा आमचा अर्ज कचऱ्यात जाईल. आजच्या आज आजीला सांग. नोंद रद्द करावी लागेल.

आणि हे त्याला मी कुठल्या तोंडानं सांगू? काल काचेपलीकडून विचारत होता, आईचे गुडघे दुखतात का म्हणून.

लोभाचं नंतर बघू.
आत्या

हिरोसाकी, १८ सप्टेंबर

ती. आत्यास, सा. न. वि. वि.

तुझं पत्र परवा आलं. उद्या सांगू म्हटलं. आणि काल सकाळी त्यांनी नेमोतोकाकाला फाशी दिली.

त्याला तासभर आधी सांगितलं. तुला, त्याच्या वकिलाला, कुणीच नाही. सगळं उरकल्यावर फोन आला तो आजीला, मुलाचं प्रेत नेणार का म्हणून. आजीनं विचारलं, कुठला मुलगा? मग माझं तोंड पाहिलं. मी भडाभडा सगळं ओकलो. तिनं मला एक ठेवून दिली आणि मग त्या साहेबाला फोनवर झोडपलं. कुत्रीचं पिल्लू उचलतानासुद्धा कुत्रीला दिसतं रे मेल्या, आणि तुम्ही आईला मागनं कळवता?

संध्याकाळी तू फोनवर ओरडलीस, की अर्ज त्याच्याबरोबरच मेला, आता नवा अर्ज फक्त बायको, मुलं, आईबाप नाहीतर भावंडंच करू शकतात. आजीनं ते ऐकलं. उद्या पहिल्या गाडीनं ती हे पत्र आणि अख्खा चहाचा डबाच घेऊन येतेय. मुलाला आणायला, आणि अर्जावर शिक्का मारायला. म्हणते, दत्तकाच्या फॉर्मवरचा ठसाही माझाच, कुणाची हिंमत आहे नाही म्हणायची?

आज त्याचं पत्र आलं. आईला पहिलंच. गुडघ्याला गरम मीठ बांधत जा, लिहिलंय. आजीनं एक शिवी हासडली, ती इथं लिहीत नाही.

आत्या, तुला खोटं चालत नाही, ठाऊक आहे मला. पण आता ती खरंच आई आहे गं. तो पहिला ठसा कुणी मारला, ते कुणाला म्हणजे कुणालाच सांगू नकोस. पाया पडतो.

ताइची