न्हाणीच्या जागेवरचा अननस-पेरू

२ एप्रिल १९६२, नळदुर्ग
परसातलं अननस-पेरूचं झाड निरोगी आहे, पण एकटं आहे म्हणून फळत नाही. उस्मानाबादच्या शेती खात्यातले बाबूराव आज पानं उलटीपालटी करून हे सांगून गेले. "याला दुसऱ्या झाडाचा पराग लागतो. पाच वर्षं नुसती वाट बघत बसलात व्हय?"

पाच वर्षं पाणी घातलं. पानांची चंदेरी पाठ, लाल तुऱ्यांची फुलं — आणि फळ एक नाही!

बायकोनं, चंद्रप्रभेनं, मुदत दिलीय अक्षय्य तृतीयेपर्यंत. त्या दिवशी कोंडीराम गवंडी झाड तोडून तिथं न्हाणी बांधणार. "पंधरा वर्षं गोणपाटाआड अंघोळ करतेय. तुमच्या विलायती पेरूनं मला काय दिलं?" वार्ताहर आहे मी, वृत्तपत्राला बातमी कधी उशिरा गेली नाही माझी. ही मुदत मात्र अवघड दिसते.

५ एप्रिल
आज आठवलं — बंगळूरहून दोन रोपं आणली होती! दुसरं अणदूरच्या शिवलिंगप्पा मास्तरांना दिलेलं. जगलं असेल?

८ एप्रिल
जगलंय. फुलांनी लगडलंय. मास्तर हसले — "आमचा खंडोबा दर साली अणदूरहून नळदुर्गला मुक्कामाला जातो नि परत येतो. झाडानं केलं तर काय बिघडलं? घ्या, वऱ्हाड घेऊन जावा!"

सहा फुलं ओल्या फडक्यात, एस.टी.नं परत. स्टुलावर चढून आमच्या झाडाच्या प्रत्येक फुलावर त्यांचे परागाचे तुरे फिरवले. एक पाकळी चाखली — गोड! हेही आजच कळलं.

९ एप्रिल
सकाळी सगळी फुलं देवघरात, भवानीच्या तसबिरीपुढं!

चंद्रप्रभा म्हणाली, "मग? लाल फूल दिसलं की देवीला वाहते. पाच वर्षं वाहतेय."

परागाचं सांगितलं, फूल तोडलं की फळ धरत नाही हेही सांगितलं. तर म्हणाली, "आधी सांगायचं न्हाय का?"

खरं आहे. बाबूरावांना विचारलं, मास्तरांना विचारलं. घरात विचारलं नाही. फुलं रोज तसबिरीपुढं दिसत होती.

२० एप्रिल
नवी कळी नाही. कोंडीराम झाडाभोवती टेप लावून न्हाणीचं माप घेऊन गेला.

५ मे
चंद्रप्रभेनंच हाक मारली. शेंड्याला, तिचा हात पोचत नाही तिथं, पानाआड बोराएवढं हिरवं फळ! खाली उभी राहून बराच वेळ बघत होती. संध्याकाळी पाहतो तर तिनं स्टुलावर चढून फांदीला खणाची चिंधी बांधलेली. बाबूराव म्हणाले होते — तोडायचं नाही, पिकलं की आपोआप गळतं. भाद्रपद उजाडेल.

६ मे
उद्या अक्षय्य तृतीया, कोंडीराम येतोच आहे. न्हाणी ओसरीच्या कोपऱ्यात होणार — हिनं परस्पर सांगून टाकलंय. तिथं माझं बातम्या लिहायचं टेबल आहे. सकाळी ते झाडाखाली न्यायचं.