रेंडेझव्हस

रविवार, संध्याकाळ

आज नीलेशच्या ऑफिसातले दोघं मित्र बायकांना घेऊन जेवायला आले होते. कोंबडी-वडे सगळ्यांना आवडले. हात धुऊन बसले आणि माझा नवरा सुरू झाला, "ए, तो शब्द म्हण ना!"

लग्न नवं असताना एका हॉटेलची इंग्रजी पाटी मी अक्षरं लावून 'रेंडेझव्हस' अशी वाचली होती. शब्द मूळ फ्रेंच; ठरवून भेटणं, एवढाच अर्थ. कणकवलीच्या मराठी शाळेत तो कुठून कानावर पडणार? तेव्हापासून मुलुंडच्या या घरात कोणी आलं की मी तो म्हणायचा आणि सगळ्यांनी हसायचं.

पण या वेळी मी मोबाइलवर खरा उच्चार ऐकून ऐकून, मिक्सरच्या आवाजाआड घोकला होता. शांतपणे म्हटलं, "रॉन्देव्हू."

कोणीच हसलं नाही. एक मित्र म्हणाला, "अरे, वहिनी बरोबर म्हणतायत की!"

"सगळी मजा घालवलीस यार," नीलेश म्हणाला. त्याचा चेहरा पडला होता. मला इतकं बरं वाटलं! खोटं कशाला लिहू?

तेवढ्यात सई मांडीवर येऊन बसली. सात वर्षांची माझी लेक.

"आई, असं नाही गं. तू वेड्यासारखं म्हणतेस ना, तसं म्हण. प्लीज."

सगळे माझ्याकडे बघत होते. नाही म्हणायला काय झालं होतं मला? तरी म्हटलंच.

"रेंडेझव्हस."

हसले सगळे. वहिनी म्हणणारा तो मित्रसुद्धा. सई टाळ्या पिटत बाबाकडे पळाली आणि त्याने तिला उचलून खांद्यावर घेतलं.