गळ्याचं माप

आप्पा,

गेली तीन वर्षं मी बिबट्याच्या दातांसाठी शिवणकाम करतेय. हसू नका. तुमच्या वेळी बिबट्या म्हणजे अकोले तालुक्याच्या डोंगरातली गोष्ट. आता तो राहात्याकडच्या उसात जन्मतो, उसातच वाढतो, डोंगर त्यानं बघितलेलाही नसतो. बाई खुरपायला खाली बसली की त्याला ती शेळीएवढी दिसते आणि तो थेट मानेवर येतो. एक बाई गेली की गाव पेटतं, आणि पुढं जो बिबट्या पहिला सापडेल तो मरतो, मग गुन्हा त्याचा असो की दुसऱ्याचा. मला दोघांचाही जीव वाचवायचा होता. म्हणून मी शेतातल्या बायकांसाठी मानपट्टा काढला. जाड कॅनव्हास, आत कॉलरला घालतात त्या ताठ बकरमचे तीन थर, वरून चामडं, मागं बक्कल. दात आत शिरू नयेत, एवढंच त्याचं काम. पेपरात पुन्हा फोटो आला तुमच्या लेकीचा, एके काळची सौंदर्यवती आता वन्यजीव वाचवतेय म्हणून. मीही केडगावच्या वर्कशॉपमध्ये तो चार जणांना दाखवला.

तुमचं भिंगारचं दुकान आठवायला गेलं की मला आधी तुमचा लाकडी गज आठवतो. लोकांना वाटतं टेलरचा गज कापड मोजायला असतो. आमच्या घरात तो हाडं मोजायला होता. भाजीत मीठ जास्त पडलं, आईच्या पाठीवर गज. काज तिरकं गेलं, माझ्या बोटांवर गज. आणि दारात गिऱ्हाईक आलं की तोच माणूस टेप गळ्यात घालून ‘या साहेब, बसा साहेब’ करत उभा! लष्करातले सुभेदार-हवालदार म्हणायचे, मास्तरसारखी कॉलर अख्ख्या नगरात कोणाला बसवता येत नाही. खरं होतं ते, नाही म्हणणार नाही मी. बारा वर्षांची असताना मी एका हवालदाराची कॉलर शिवली होती. तुम्ही ती स्वतःच्या गळ्याला लावून बघितलीत, मग गजाची कड माझ्या बोटांवर उतरली. नखातून रक्त आलं. “जवान काय पुतळा हाय का? टेपच्या आत दोन बोटं घाल. मान खाली घालायला लाव त्याला. मग आकडा लिही. वाकल्यावर नरडं आवळलं तर शिव्या मला बसत्यात, तुला न्हाई.” रक्त लागलेली ती कॉलर मी उसवून पुन्हा शिवली, आणि तुम्ही ती बघून काहीच बोलला नाहीत, म्हणजे बरोबर झाली होती.

एकोणिसाव्या वर्षी मी नगरच्या सौंदर्यस्पर्धेत नाव दिलं, तुम्हाला न विचारता. विचारून काय झालं असतं ते मला ठाऊक होतं. शेजारचा सायकलवाला दुकानात येऊन म्हणाला, “मास्तर, पोरगी फायनलला गेली, पेढे कुठंयत?” तुम्ही हसलात, त्याला चहा पाजलात. तो गेला. दुपारचे तीन वाजलेत, शटर अर्धं खाली ओढलेलं आहे, आई मागच्या बाजूला कपड्यांना इस्त्री करतेय. तुम्ही मला हाक मारता. “सुंदरी व्हायचंय व्हय? ये, माप घेतो.” आणि मला वाटलं, खरंच घेताय! अशी मी येडी. हनुवटी वर करून उभी राहिले, कारण माप देताना कसं उभं राहायचं हे तुम्हीच शिकवलेलं. टेप गळ्याभोवती आली आणि आवळत गेली. तुम्ही आकडे वाचत होता, आप्पा. “तेरा. साडेबारा. बारा.” आवाज अगदी गिऱ्हाइकाचं माप सांगताना असतो तसा, थंड. साडेअकराला मला दिसायचं बंद झालं.

आईनं कोळशाची इस्त्री उचलली आणि तुमच्या मनगटावर टेकवली. नुसती टेकवली नाही, दाबून धरली. कातडी जळल्याचा वास सुटला तेव्हा कुठं टेप सुटली. मी खाली पडून श्वास शोधत होते आणि वर आई ओरडत होती. उभ्या जन्मात जिनं तुम्हाला ‘अहो’शिवाय हाक मारली नाही ती अरेतुरेवर आली होती. “पुन्हा हात लाव पोरीला! तोंडावर ठिवीन ही इस्त्री, तोंडावर!” तुम्ही नळाखाली हात धरून बसलात. रात्री जेवलातसुद्धा.

चार दिवसांनी अंतिम फेरी होती. गळ्यावर जांभळा पट्टा, पावडरीनं झाकेना. मी तुमच्याच दुकानातलं बकरम चोरून एक उंच उभी कॉलर शिवली, हनुवटीपर्यंत येणारी. परीक्षकांना वाटलं, काय नवी फॅशन काढलीय पोरीनं! मुकुट मिळाला. पुढं राज्याचाही मिळाला. एका बातमीदारानं विचारलं, “ही कॉलर तुम्हाला सुचली कुठून?” मी म्हटलं, “माझ्या वडिलांकडून.” आता यात खोटं काय होतं, तुम्हीच सांगा! सभागृहानं टाळ्या वाजवल्या. तुम्ही ते कात्रण काउंटरच्या काचेखाली लावलंत आणि मरेपर्यंत येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवलंत, “लेकीला आपनच घडवली.” पुण्या-मुंबईच्या बायका वीस वर्षं माझी उंच कॉलर घालून लग्नांमध्ये मिरवल्या. ज्या फासानं मी मरायची, त्याच्या वणावर माझा धंदा उभा राहिला, आणि कौतुकाचा बाप म्हणून नाव तुमचं झालं. मी कधी कुणापाशी ब्र काढला नाही. शेवटच्या आजारपणात तुम्ही एकदा माझ्या गळ्याकडं बघितलंत, आणि मी पदर वर ओढून घेतला. माफी मागताय की काय, अशी भीती वाटली मला.

एक गोष्ट मात्र कुणालाच कळली नाही. एवढी नावाजलेली डिझायनर, पण मी कधीच कुणाच्या गळ्याचं माप घेतलं नाही. हात दुसऱ्याच्या मानेजवळ गेला की बोटं बधिर होतात आणि कानात तुमचे आकडे सुरू होतात. वर्कशॉपमध्ये मापं मुली घ्यायच्या, मी तेवढ्यापुरती बाहेर जायचे. मानपट्ट्याच्या वेळी गावोगाव जाऊन शेकडो बायकांच्या गळ्याभोवती टेप फिरवायला हवी होती. मुली मापं घेणार असल्या तरी उघड्या शेतात ते बघत उभं राहायची माझी छाती झाली नाही. मग मी सोपी वाट काढली. लहान, मध्यम, मोठा, अशा तीन साइज, लाकडी पुतळ्याच्या मानेवर बेतलेल्या. पुतळा कशाला वाकतोय! टेम्पो भरून पट्टे वाटले. एक म्हातारी तिथल्या तिथं म्हणाली होती, “वाकलं की लागतंय गं बाई नरड्याला.” मी तिला म्हटलं, “सवय होईल, आजी.” वर हसलेसुद्धा, कारण कॅमेरा चालू होता.

गेल्या महिन्यात सकाळी नऊच्या सुमाराला कांदा खुरपणाऱ्या एका बाईला बिबट्यानं मानेला धरून उसात ओढत नेलं. अठ्ठावीस वर्षांची होती. मी पोचले तोवर तिला बाहेर काढून बांधावर ठेवलं होतं. गळा उरलाच नव्हता, आप्पा. जे होतं त्यावर तिच्या नवऱ्यानं स्वतःचा सदरा टाकला होता आणि तो सदराही भिजून गेला होता. माझा पट्टा बाभळीच्या फांदीला टांगलेला, त्यावर दाताचा एक ओरखडा नाही. दुपारपर्यंत उसाला चारी बाजूंनी माणसं लागली. कोयते, पहारी, ट्रॅक्टरच्या साखळ्या. वनखात्याची पाच माणसं हात जोडत होती, त्यांचीच कॉलर धरून गावानं त्यांना गाडीत कोंबलं. फड पेटवला. जी बिबटी बाहेर आली ती पुरती वाढलेलीही नव्हती, तोंडाला रक्ताचा टिपूस नाही. “ही ती नाही रे, बघा तरी!” म्हणत मी मध्ये घुसले. खांद्यावर दांडका बसला आणि मी सरीत आडवी झाले. पडल्या पडल्या बघितलं. पहिली पहार तिच्या कमरेवर बसली. ती पुढच्या दोन पायांवर मागचं अंग ओढत गोल गोल फिरायला लागली, आणि लोक हसले. खरंच हसले. मग कुणीतरी तिच्या गळ्यात साखळी टाकली आणि दोघांनी दोन बाजूंनी ओढली. मी सरीतच ओकले.

वनखात्याची चौकशी झाली. पट्टा दिला होता, मयत बाईनं तो काढून ठेवला, सबब तिचा निष्काळजीपणा. साहेबांनी विचारलं, बरोबर ना मॅडम? मी हो म्हणून मान हलवली. पण तो पट्टा मी मागून घेतला होता. वर्कशॉपमध्ये सगळ्या जणी जेवायला गेल्यावर मी तो गळ्यात बांधला आणि खुरपायला बसतात तशी फरशीवर उकिडवी बसले. मान खाली घातली. कड बरोबर नरड्याच्या घाटीखाली रुतली. साडेबारा. बारा. चार वाफे खुरपायचे लांब राहिले, मला शंभर आकडे मोजेपर्यंत तो सोसवला नाही.

त्यानंतर मी तिच्या घरी गेले. घरात सासू एकटी होती. मला वाटलं शिव्या घालील, हाकलून देईल. ती म्हणाली, “माझी सून आळशी न्हवती, बाई. रोज पट्टा बांधायची, खोकत खोकत. त्या दिशी मीच म्हनलं, काढ गं, घुसमटून मरशील.” मग जवळ सरकून म्हणाली, “गाव म्हनतंय म्हातारीनं मारली. नात माझ्या हातचं खात न्हाई. आई मेली तुझ्यामुळं, म्हनती. तुमी शिकल्या-सवरल्या हायत, खरं सांगा. मीच मारली व्हय तिला?” मी तिच्या पायाशी बसले आणि सांगितलं, नाही आजी, माप माझं चुकलं, तुम्ही काढायला सांगितलं ते बरोबरच होतं. ती रडली नाही. म्हणाली, “मला काय सांगती? गावाला सांग.”

काल सांगितलं. भर ग्रामसभेत, माईक हातात घेऊन. ती निष्काळजी नव्हती, तिच्या सासूचा दोष नाही, मी माणसांचं माप न घेता पुतळ्याचं घेतलं, सगळे पट्टे परत मागवतेय, आता एकेका बाईचा गळा मोजून शिवणार. बोलणं पुरं व्हायच्या आत तिच्या नवऱ्यानं समोरचा मानपट्टा उचलून माझ्या तोंडावर फेकला. बक्कल लागून भुवई फुटली. तो धावून आला तेव्हा चौघांनी त्याला आडवा पाडला, लाथा-बुक्क्या सुरू झाल्या, आणि त्या गोंधळात म्हातारी सासू खुर्चीवर चढून किंचाळत होती, “ऐकलं का? ऐकलं का रे समद्यांनी?” नात तिच्या पायाला धरून उभी होती. तेवढं एक बघितलं मी, बाकी डोळ्यात रक्त उतरलेलं. सरपंचांनी सगळ्यांना खाली बसवलं आणि मला विचारलं, रागानं नाही, समजून घ्यायच्या सुरात विचारलं, “ताई, एवढं नाव तुमचं. गळ्याचं माप असं घेतात का? शिकवलं कुणी तुम्हाला?”

मी म्हटलं, “वडिलांनी. त्यांनी असंच शिकवलं.”

सभा एकदम निवळली, आप्पा. मागून कुणीतरी म्हणालं, बापानंच चुकीचं शिकवल्यावर पोरीनं काय करावं! एका बाईनं मला पाण्याचा तांब्या दिला, भुवईवर फडकं धरलं. दवाखान्यात तीन टाके पडले तेव्हाही बरोबर आलेली माणसं तुम्हालाच बोल लावत होती. तुम्ही बरोबर शिकवलं होतं. माझी नखं फोडून शिकवलं होतंत, पण बरोबर शिकवलं होतं. जे केलंत त्यासाठी मी तुमचं नाव एकदाही घेतलं नाही, आणि जे केलं नाहीत ते चारचौघांत तुमच्या माथी मारून आले. पट्ट्यांची मापं घ्यायला सोमवारी त्याच गावात जायचंय, तेव्हा हेही दुरुस्त करता येईल. करणार नाही मी. हा कागद मुली कामावर यायच्या आत फाडून टाकेन, म्हणून लिहिते. ती माणसं तुम्हाला बोलली ना, तेव्हा मला फार बरं वाटलं.