बटणे काढण्याचा हक्क

मी, वय वर्षे चौऱ्याहत्तर, हे मृत्युपत्र स्वखुशीने, पूर्ण शुद्धीत आणि बऱ्यापैकी रागात लिहून ठेवत आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. तो आणायला जे आले होते, त्यांना दारातूनच परत पाठवले. बुद्धी शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. विसरण्याचा आजार माझ्या नवऱ्याला आहे. माझ्या सगळे लक्षात आहे.

१. हे दोन खोल्यांचे घर माझ्या नावावर आहे. माझे पती, ज्यांना सगळे टेलरमास्तर म्हणतात, अखेरपर्यंत इथेच राहतील. त्यांच्या पश्चात मुलगा आणि मुलगी यांना समान वाटा. मुलाने त्यांना कुठल्या संस्थेत हलवले, तर त्याचा वाटा मुलीला जाईल. चिडायचे असेल तर खुशाल चिडावे.

२. मुलाने मास्तरांच्या वाढदिवसाला फोटोंचा अल्बम आणला आणि एकेक फोटो पुढे धरून, "बाबा, हा कोण, सांगा बघू?" असे विचारत बसला. भेट दिली की परीक्षा घेतली? मास्तर रडवेले झाले. अल्बम मुलाला परत द्यावा. त्याने स्वतः पाठ करावा.

३. सुनेने वेल्क्रोचे जाकीट आणले, बटणांची कटकट नको म्हणून. पन्नास वर्षे हाताने काजे केलेल्या माणसाला! मास्तरांनी ते उलटसुलट करून पाहिले. "काजं करायची राहिलीत की हो यात," म्हणाले आणि दुपारपर्यंत अख्खे जाकीट उसवून ठेवले. मुलाने घर डोक्यावर घेतले. अरे, ते तुकडे बघ तरी! कापडाला कुठे साधा ओरखडा नाही. तुम्ही आणलेल्यांतली तेवढीच खरी भेट, तीही चुकून दिलेली. तुकडे मुलीने जपावेत.

४. माझी भेट म्हणजे एक जुना काळा कोट, पाच बटणे आणि बोथट टोकाची जाड सुई. रोज सकाळी मी कोट पुढे ठेवते, "मास्तर, अर्जंट आहे हं." ते बटणे लावतात. दुपारी त्यांचा डोळा लागला की मी ती काढते. मुलगा याला फसवणूक म्हणतो. असेल! काम संपवून ते मान वर करतात, तो चेहरा त्याने पाहिलेला नाही. तो येतो रविवारी, आणि रविवारी मास्तर दुकान बंद ठेवतात. कोट, सुई आणि बटणे काढण्याचा हक्क मुलीला.

५. मी गेल्याचे मास्तरांना एकदाच सांगावे. जवळ बसून, हात हातात घेऊन. रडायचा त्यांना हक्क आहे, आणि मलाही त्यांचे तेवढे रडणे हवे आहे. नंतर विसरले तर विसरू द्यावे. "ही कुठे गेली?" विचारले तर "येईल इतक्यात" म्हणावे. दुसऱ्यांदा सांगून त्यांना पुन्हा विधुर करणाऱ्याला या घरातली एक वीटही मिळणार नाही.

ठिकाण: याच घराची पुढची खोली
दिनांक: ४ मार्च, सोमवार
सही: टेलरमास्तरांची बायको

बाईंनी सगळे आमच्यासमोर मोठ्याने वाचून सही केली. पाचव्या कलमाला थांबल्या, पाणी प्यायल्या, आणि एक शब्दही बदलू दिला नाही.

साक्षीदार १: घरचे डॉक्टर
साक्षीदार २: खालची इस्त्रीवाली