उपवासाचे स्कोन

११ ऑगस्ट १९७५, सोमवार
श्रावणाचा पहिला सोमवार. लग्न होऊन या घरात आल्यापासून सोमवारचा चारचा चहा आणि साबुदाणा वडे माझे. सिद्धेश्वराचं दर्शन घेऊन शुक्रवार पेठेतल्या सगळ्या बायका आमच्याकडेच टेकतात, त्या माझ्या वड्यांसाठी. निदान आजपर्यंत मी तसं समजत होते.
आज धाकट्या जावेने, सरोजने, हुबळीहून आणलेला गोल विजेचा ओव्हन काढला. राजगिरा आणि शिंगाड्याचं पीठ, सुंठ, वेलची, लोणी, ताक. म्हणे स्कोन, छोट्या पावासारखे. माहेरी रेल्वे क्वार्टर्समध्ये शेजारच्या मडमेनं शिकवले. वर पेरू-डाळिंबाचं काहीतरी, लवंग-दालचिनी घालून साखरेत शिजवलेलं. त्याला कॉम्पोट म्हणायचं.
सासूबाईंनी, म्हणजे अव्वांनी, दोन खाल्ले. "छलो आग्येद. लई हलकं झालंय की गं." मला आजवर कधी 'छलो', म्हणजे छान, मिळालेलं नाही. वडे निम्मे उरले. रात्री यांनी गार खाल्ले, मुकाट्याने.

१३ ऑगस्ट
पुष्पा कॉलेजातून आली की दप्तर टाकते आणि थेट काकूच्या खोलीत. आज म्हणाली, "आई, काकू किती वेगळ्या आहेत ना." वेगळ्या म्हणजे कशा ते विचारलं नाही. माझी एकुलती एक मुलगी. वीस वर्षांत माझ्या हाताखाली पोळी नीट लाटली नाही, आणि तिकडे दालचिनी कुटून देते.
पोटात दुखतं. दुखतं तर दुखतं, लिहायला कोणाची चोरी आहे.

१८ ऑगस्ट, सोमवार
आज सापडली!
चहाची भांडी घ्यायला आत गेले. सरोज स्कोन लावत होती. थाळीला तूप फिरवलं आणि वरच्या फळीवरचा डबा काढून चिमूटभर पीठ थाळीवर भुरभुरवलं, चिकटू नये म्हणून. तो डबा मैद्याचा. भरला मीच आहे, मला माहीत नसेल तर कोणाला.
पीठ राजगिऱ्याचं, थाळीला मैदा! हिच्या माहेरी उपवास नावालाच, हिला काय कळणार. मडमेनं शिकवलं तसं करत असणार. तोच मैदा खालून लागून अव्वांच्या पोटात. गेल्या सोमवारीही.
तोंडाशी आलं होतं, पण गिळलं. एकटीला सांगितलं तर "अय्या, खरंच की अक्का" म्हणून हसेल आणि उद्यापासून राजगिरा भुरभुरवेल. एवढ्या स्वस्तात नाही सुटायची. चारचौघींत सांगेन.
अव्वांनी आज तीन खाल्ले. मी बघत होते.

२५ ऑगस्ट, सोमवार
पुष्पाला बघायला पुढच्या सोमवारी अक्कलकोटची माणसं येणार. कापडाचं दुकान, मुलगा बी.कॉम., घर चांगलं. मुलाची आई फार कडक. लग्न झाल्यापासून वर्षाचे सगळे सोमवार धरते, धान्याचा कण तोंडात घेत नाही.
मी म्हटलं, वडे करते. अव्वा म्हणाल्या, "नको गं, ते रोजचंच हाय. सरोजचं ते ठेवू." पुष्पा टाळ्या पिटायचीच बाकी होती.
ठरलं तर. बशी बाईंच्या हातात गेली की म्हणायचं, थांबा, थाळीला मैदा आहे. त्यांचा उपवास वाचेल, त्यांना कळेल की मुलीच्या आईचं लक्ष आहे, आणि स. ला कुठे तोंड लपवू असं होईल. स्थळाला काही धक्का लागायचा नाही. उलट बरंच होईल.
बरंच होईल ना?

१ सप्टेंबर, सोमवार
माणसं बरोबर चारला आली. पुष्पा बशा घेऊन आली. मुलाच्या आईने स्कोन उचलला, मी म्हटलं, "थांबा—" आणि त्याच वेळी त्यांनी विचारलं, "हे कुणी केलं?"
स. चटकन म्हणाली, "पुष्पानं. पीठ भिजवण्यापासून थाळीपर्यंत सगळं तिचंच. मी हातसुद्धा लावला नाही."
मुलगी बघायला आले की असं म्हणतातच. शेजारणीचे लाडूही मुलीच्या नावावर खपवतात. मला वाटलं, तसंच हे. पुष्पाकडे पाहिलं. मनगटावर ओव्हनचा ताजा चटका होता.
मुलाच्या आई माझ्याकडे बघत होत्या. "काय म्हणत होता तुमी?"
"गरम असेल. जपून," मी म्हणाले.
त्यांनी दोन खाल्ले. वरून कॉम्पोट मागून घेतलं. मी प्रत्येक घास बघितला.

४ सप्टेंबर
निरोप आला. मुलगी पसंत. मुलाच्या आईने खास कळवलंय, "सोमवारचं उपवासाचं आता सूनबाईनेच करायचं."
घरात साखर वाटली. पुष्पा आधी अव्वांच्या पाया पडली, मग धावत जाऊन स. च्या गळ्यात पडली. मग माझ्याकडे. तिसरी. मोजू नये, पण मोजलं.
ती तिथे दर सोमवारी थाळीला मैदा लावणार. एक ना एक दिवस सासू बघणार. आता सांगायलाच हवं, आणि सांगायचं तर कसं कळलं हेही सांगायला हवं. कधी, हेही.

८ सप्टेंबर, सोमवार
अव्वांच्या मनात आलं, अक्कलकोटला डबा पाठवू, सरोजचे यजमान, भाऊजी, जाणारच आहेत. पुष्पा करायला बसली. स. दारात उभी, तांदूळ निवडत.
पुष्पाने मैद्याचा डबा काढला. मी तो हातातून घेतला आणि राजगिऱ्याचं पीठ पुढे केलं.
"काकू तर हेच लावतात."
"उपवासाला मैदा चालत नाही."
स. चा हात सुपातच थांबला. तिचा चेहरा उतरला, खोटा नव्हता. "अगंबाई. अव्वांना मी इतके सोमवार..." मग माझ्याकडे बघून हळूच, "अक्का, तुम्हाला कधीपासून माहीत?"
मी पीठ चाळत राहिले. चाळलेलंच पुन्हा.
पुष्पा हुशार आहे माझी. म्हणाली, "त्या दिवशी तू त्यांना थांबवणार होतीस. सगळ्यांसमोर. काकूंनी केलंय असं वाटून."
तिने पुढचं सगळं एकटीने केलं. थाळीला राजगिरा लावला. डबा गेला. संध्याकाळी उपवास सोडायला पान वाढलं, तर म्हणाली, "मी काकूंबरोबर बसते." स. म्हणाली, "आईबरोबर बस गं." ती बसली, पण एक शब्द बोलली नाही.
लग्नाला दोन-तीन महिने आहेत. एवढ्यात बोलेल का?