माझ्या तोंडचा कियोचा आवाज

मी, चंद्रप्रभा गुरुनाथ वर्तक, वय वर्षे त्र्याऐंशी, जन्म कोबे, हल्ली राहणार इचिकावा, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने आणि स्वतःच्या मर्जीने लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. गुडघे नाहीत, पण त्यांची सही लागत नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही.

१. इचिकावाचा फ्लॅट माझा मुलगा केन याला द्यावा. मागच्या दिवाळीत मी आत चहा करत असताना त्याने बैठकीच्या भिंती टेपने मोजल्या, म्हणजे त्याला तो आवडला आहे. अट कलम ५ मध्ये आहे. बँकेतली शिल्लक केन आणि नात नयना यांना समसमान.

२. मेकअपची लाकडी पेटी आरशासह नयनाला. त्या पेटीसमोर मी स्टुडिओच्या 'ओबेया'त तारुण्य घालवले. ओबेया म्हणजे मोठी खोली. ज्यांना स्वतःची खोली मिळत नसे अशा दुय्यम नट्या तिथे रांगेने बसून रंग लावत. मी बंदरावरची बारवाली झाले, जहाजमालकाची बायको झाले, कुठल्याशा दक्षिणेच्या राजवाड्यातली नर्तकी झाले. नायिकेला निरोप द्यायचा आणि निघून जायचे, हे माझे काम. नयना, आरसा एका कोपऱ्यात काळा पडला आहे. बदलू नकोस.

३. माझे पती कै. गुरुनाथ यांच्या हार घातलेल्या फोटोशेजारी माझा सिनेमातला फोटो लावू नये. "ते सगळं आता बंद," एवढीच त्यांची लग्नाची अट होती. माझा एकही चित्रपट न पाहून त्यांनी ती स्वतःही पाळली. आता भिंतीवर शेजारी बसवून दोघांनाही अवघडवू नये.

४. माझा एकच मोठा प्रसंग होता, १९६३ सालचा. बंदरावरची एक परदेशी बाई अनाथाश्रमाच्या दारात आपले मूल परत मागते. माझी जपानी कोबेच्या गल्लीतली. इंग्रजी नन्सनी शिकवली आणि मराठी आईने. दिग्दर्शक साकुमा म्हणाले, "चंद्रासान, तुम्ही फार छान बोलता. तीच तर पंचाईत आहे. हा चेहरा आणि ही भाषा, लोक बिचकतील. जरा मोडून बोला."

"मला मोडता येत नाही, सर. मी इथलीच आहे."

प्रयत्न केला. प्यायलेली कोळीण वाटते, असे म्हणून युनिट हसले. शेवटी साकुमा "राहू द्या" म्हणाले आणि मी माझ्या सरळ भाषेत, जीव ओतून तो प्रसंग केला. मला वाटले, मी जिंकले.

पहिल्या खेळाला बाबांनी कोबेतल्या ओळखीच्या सगळ्यांना नेले. पडद्यावर माझे तोंड उघडले आणि त्यातून दुसऱ्याच बाईची मोडकीतोडकी जपानी बाहेर आली. आई मूल मागत होती आणि थिएटर हसत होते. बाबा माझ्या कानाशी म्हणाले, "चंदे, सर्दी झाली होती का गं तुला?"

तो आवाज मी पहिल्याच शब्दाला ओळखला. कियो मुरासे. ओबेयात माझ्या शेजारी बसायची, माझ्या किमोनोचा पट्टा बांधताना गुणगुणायची. दुसऱ्या दिवशी मी विचारले तेव्हा म्हणाली, "मी नाही म्हटलं असतं तर दुसरीला घेतलं असतं. तिने तुला याहून वाईट बोलवलं असतं."

त्यानंतर माझा पट्टा मीच बांधला. या कामाबद्दल स्टुडिओने तिला चेहरा दिसेल अशी भूमिका कबूल केली होती. ती मिळाली नाही. गर्दीत, कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी राहता राहता तिची उमर गेली.

५. आता त्याच स्टुडिओची कंपनी तो चित्रपट स्वच्छ करून पुन्हा दाखवणार आहे. कियोचा आवाज काढायचा, माझ्या फोनमधल्या निरोपांवरून संगणकाने माझा आवाज बनवायचा आणि माझ्या चेहऱ्याला शुद्ध जपानी बोलवायचे, असा बेत आहे. त्यासाठी माझी परवानगी हवी, माझ्यामागे केनची. आता म्हणे लोकांना हेच आवडते.

केन म्हणाला, "आई, साठ वर्षांनी न्याय मिळतोय. नुसती सही कर."

"ज्यांनी जीभ कापली त्यांच्याकडून न्याय?"

"अगं, जीभ परत देतायत ना!"

"प्लास्टिकची."

"केन, फोन तरी कर रे," असे मी ज्या आवाजात म्हणते, त्यातून ते मूल मागणारी आई घडवणार. कच्चा माल चांगला आहे, हे मान्य.

कियो तीन वर्षांपूर्वी गेली. पुतण्याने तिचे घर रिकामे केले आणि नगरपालिका जुने सामानसुमान कचऱ्यात उचलून नेते त्या दिवशी सगळे खाली नेऊन ठेवले. आता ती उरली आहे ती फक्त माझ्या तोंडात. मी तिला माफ केलेले नाही. माझ्यामागे कुणी 'माफ केले' असे लिहू किंवा बोलू नये. पण स्टुडिओने माझ्या आवाजाचे जे केले, ते माझ्या सहीने तिच्या आवाजाचे होणार नाही.

म्हणून मी परवानगी नाकारते. केननेही ती कधी देऊ नये. दिल्यास फ्लॅट नयनाचा. चित्रपट दाखवायचा तर आहे तसा दाखवावा. शेवटच्या नामावलीत माझ्या नावाखाली लिहावे: आवाज, कियो मुरासे. अक्षरे माझ्या नावाएवढी. त्याहून मोठी नकोत.

वरील मजकूर मी पुन्हा वाचला. काही खोडायचे नाही.

चंद्रप्रभा गुरुनाथ वर्तक
(सही व शिक्का)

आमच्यासमोर सही झाली:
राधिका पुष्कर देवस्थळी, एदोगावा
पुष्कर दिगंबर देवस्थळी, एदोगावा

स्थळ: इचिकावा
दिनांक: ९ नोव्हेंबर २०२५