फोडलेला नारळ

तलवाडा, गुरुवार, दिवेलागण

थांबवायला आलो होतो आणि नारळ फोडून बसलो. काय म्हणावं मला?

शेठजींचा हुकूम स्पष्ट होता. बोलपटाचे दिवस आलेत, हा मूकपट मुहूर्ताआधीच बंद करा, फिल्मला हात लावू देऊ नका. त्यासाठीच तर मुंबईहून आलो. मी आता त्यांच्या स्टुडिओचा मॅनेजर. स्वतःचे मूकपट काढायचो ते दिवस गेले.

टेकडीखाली गाडीतून उतरलो, तर सगळे नटून तयार. सखाराम, माझा जुना कॅमेरावाला, या चित्रात पहिल्यांदाच दिग्दर्शक झालाय. धावत आला नि नारळ हातात दिला. "बरं झालं आलात, मालक. तुमचीच वाट बगत हुतो." साहेब नाही, मालक म्हणाला. तिथंच सांगायचं होतं. का नाही सांगितलं?

फोडला. आणि नारळ फोडील त्यानंच कॅमेऱ्याचं हँडल पहिल्यांदा फिरवायचं, ही रीत मीच घातलेली! तेही फिरवलं. लई दिवसांनी हाताला बरं वाटलं, खोटं कशाला लिहू? शेठजींना आता काय सांगू, फिल्म कुणी वापरली?

मघाशी सखाराम दारात येऊन खोबरं देऊन गेला. "तुमी कावून खाईनात, मालक? परसाद हाय."

तुकडा तसाच समोर आहे. बाहेर त्यांचं हसणं ऐकू येतंय. सकाळपर्यंत थांबलो तर पुन्हा हँडल फिरवीन. आत्ताच सखारामला सांगायला जातो. तोंड उघडलं नाही, तर हा तुकडा त्याच्या हातावर परत ठेवीन. प्रसाद कुणी परत देत नाही. त्याला कळेल.